उशिरा फुलणारं नाव

शेवंती हे नाव तिला मेलं कधीच आवडलं नव्हतं. शाळेत मैत्रिणी म्हणायच्या, हे तर पणजीला शोभेल. तिचे बाबा रोपवाटिकेत माळी. तिने कुरकुर केली की ते तिला शेवंतीच्या वाफ्यात नेत आणि तिच्याच हाताने कोवळे शेंडे खुडायला लावत. तिच्या जिवावर यायचं.

"खुडलं की फुटवे येतात," बाबा म्हणायचे. "बाकीच्या फुलांचं आटोपलं की ही भरभरून फुलते. नाव उगाच नाही ठेवलं तुझं."

बस चालवण्याच्या परीक्षेत ती पुन्हा नापास झाली, तेव्हा आत्याने घर डोक्यावर घेतलं. "पुरे आता, चारचौघांत हसं होतंय."

"शेंडा खुडला गेलाय, एवढंच," बाबा म्हणाले.

आज रोपवाटिकेसमोर भलीमोठी बस थांबली. बाबा मातीच्या हातांनीच चढले आणि पहिल्या सीटवर ऐटीत बसले. त्यांच्या मागून चढलेल्या बाईंनी चालकाच्या छातीवरची पाटी वाचली.

"शेवंती. जुनं नाव आहे, नाही?"

"जुनं नाही मावशी, उशिराचं आहे," तिने गिअर टाकला. "नीट धरून बसा."