दारातली फातिहा

बाबिकरला त्यांनी भर दुपारी उचललं. रेल्वे कारखान्याचा भोंगा नुकताच वाजला होता, फाटकातून सायकलींचा लोंढा बाहेर पडत होता, आणि त्या लोंढ्यात नंबर नसलेली गाडी आडवी घालून चौघांनी त्याला सायकलवरून ओढून काढलं. सगळ्या अतबरा गावानं ते पाहिलं. दुसऱ्या दिवशी सुरक्षावाल्यांच्या, म्हणजे सरकारच्या गुप्त पोलिसांच्या, फाटकावर चौकशी केली, तर म्हणाले, या नावाचा माणूस आमच्याकडे नाही.

बाबिकर म्हणजे माझी धाकटी बहीण तोमा हिचा एकुलता एक मुलगा. आणि माझा जावईही, कारण माझी इह्सान त्याला दिली होती. लष्करानं खार्टूममध्ये राज्य बळकावलं त्याला तेव्हा दोन वर्षं होत आली होती. युनियनच्या कचेरीला कुलूप होतं. कारखान्यातून माणसं काढायचा सपाटा चालला होता, आणि बाबिकर संपाची भाषा बोलला होता. त्यानं ना बंदूक उचलली ना कुणाला दगड मारला. बोलला, एवढंच.

सुरक्षावाल्यांनी गावातला एक जुना पिवळा बंगला घेतला होता. इंग्रजांच्या वेळी तिथं कुणी इंजिनियर राहायचा. तोमा रोज सकाळी उठून त्या बंगल्यासमोर कडुनिंबाखाली जाऊन बसायची. उन्हं कलली की घरी यायची. पहारेकऱ्यांना ती डोळ्यांसमोर नको असे.

"म्हातारे, तुझा लेक दुसरी बायको करून मजेत बसला असेल," एक पहारेकरी म्हणायचा.

"बसू दे की. पण आईला लग्नाचं जेवण घालायला हवं होतं ना," तोमा म्हणायची.

एकदा त्यांनी तिच्या अंगावर घाण पाण्याची बादली ओतली. तिनं तोब पिळली, परत अंगाभोवती गुंडाळली आणि तिथंच बसली. मी तिला घरी न्यायला गेलो तर मला म्हणाली, "दादा, तू जा. तुला बघून त्यांना जोर येतो. बाईला मारायची अजून त्यांना थोडी लाज वाटते." ती लाज फार दिवस टिकणार नाही, हे मला माहीत होतं. तिलाही असणार.

मग एका शुक्रवारी मुअतसिम आला.

मुअतसिम आमच्याच गल्लीतला. त्याची आई लवकर गेली. बाप मालगाड्यांवर गार्ड, आठवडा आठवडा घरी नसायचा. पोर तोमाच्याच घरी जेवायचं, बाबिकरच्याच खाटेवर झोपायचं. पुढे लष्कराच्या कॉलेजात गेला, कॅप्टन झाला. बदली होऊन अतबरात आला, त्याच पिवळ्या बंगल्यात, हे आम्हाला बाहेरून कळलं. गल्लीत तो एकदाही फिरकला नव्हता. तोमा फाटकाबाहेर बसलेली असताना हा मागच्या दारानं ये-जा करायचा म्हणे.

आम्ही न्याहारीला बसलो होतो. मधे फूलचं, म्हणजे वालासारख्या उकडलेल्या दाण्यांचं, मोठं भांडं, भोवती तोमा, इह्सान आणि मी. दार वाजलं. तोमानं हात पुसले आणि दार उघडलं. मी तिच्या मागेच होतो, त्यामुळे मी जे सांगतो ते स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेलं सांगतो.

आमच्यात एखाद्या घरी माणूस गेलेलं असलं, की त्या घरच्यांना पहिल्यांदा भेटताना सलाम नंतर. आधी दोन्ही हात छातीसमोर, तळवे वर, गेलेल्यासाठी फातिहा म्हणायची, तोंडावरून हात फिरवायचे, आणि मग बोलायचं. बाजारात भेटा, आगगाडीत भेटा, वर्षानं भेटा, हेच. चालता यायला लागलेलं मूलही मोठ्यांचं बघून हात पसरतं. त्यासाठी विचार करावा लागत नाही.

मुअतसिमनं तोमाकडे पाहिलं. आणि त्याचे दोन्ही हात वर आले. तळवे उघडे, ओठ हलायला लागलेले.

तोमाचे हातही वर आले. तिनंही विचार केला नव्हता. समोरच्यानं फातिहा धरली की आपण धरतो. तिचे हात छातीपर्यंत पोचले आणि तिथंच थांबले. त्याचेही थांबले. मग त्यानं ते झटक्यात टोपीला लावले.

"अस्सलाम अलैकुम, मावशी," तो म्हणाला आणि भिंतीकडे बघत पाठ केलेलं बोलायला लागला. "बाबिकर हद्द ओलांडून पळाला. कैरोमध्ये आहे. सरकारकडे पक्की खबर आहे. जिवंत आहे, धडधाकट आहे. तेव्हा तू फाटकासमोर बसणं बंद कर. लोक नाही नाही ते बोलतात."

माझ्या मागून इह्सान धावत आली. "बाबा, ऐकलंत? कैरोला आहे! आत्या, जिवंत आहे तो!" ती हसत होती आणि रडत होती.

तोमानं तिच्याकडे पाहिलंही नाही.

"मुअतसिम, माझ्या घरात कोण मेलं?"

"कोणी नाही, मावशी."

"मग हात कशाला उचललेस?"

"टोपी नीट करत होतो."

"दोन्ही हातांनी? तळवे वर करून?"

"मावशी, मी चांगली बातमी घेऊन आलोय. चांगल्या बातमीला असं करायचं असतं का?"

"चांगली बातमी आणणारा आत येतो. चहा मागतो. तू उंबऱ्याबाहेर का उभा आहेस?"

त्याचा चेहरा कडक झाला. लहानपणी चोरी पकडली गेली की व्हायचा तसाच. "उद्यापासून फाटकावर दिसलीस तर तुला आत घेतील. मग मावशी म्हणून मला काही करता यायचं नाही. गय्यूममामा, तुम्ही मोठे आहात. समजवा तिला."

"तुला कोण समजवणार, बाळा?" मी म्हणालो. तो गाडीत बसून गेला.

त्या दिवशी आमच्या घरात जे भांडण झालं तसं आयुष्यात झालं नव्हतं. इह्सान म्हणत होती, तो तोंडानं म्हणाला ना, जिवंत आहे. तोमा म्हणत होती, तोंड सरकारचं आहे, हात त्याच्या आईनं शिकवलेत.

"तुम्हाला तो मेलेलाच हवाय!" माझी मुलगी आपल्या आत्याला म्हणाली. "रोज झाडाखाली बसून कंटाळलात तुम्ही!"

मी तिच्यावर हात उगारला. तोमानं माझं मनगट धरलं. "बोलू दे. नवरा आहे तिचा."

खरं सांगायचं तर मलाही कैरोच हवं होतं. मी ते हात पाहिले होते, तरी हवं होतं. या लोकांनी शिव्या दिल्या, मारलं, ते समजण्यासारखं होतं. पण त्यांनी आमच्या घरात आशा आणून टाकली आणि आम्हां घरच्यांनाच एकमेकांच्या अंगावर घातलं. याबद्दल त्यांना मी कधी माफ करणार नाही. मेल्यावरही नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी तोमा झाडाखाली गेली नाही. मला म्हणाली, "दादा, सुतकाचा मांडव घाल."

"तोमा, मयत कुठंय?"

"मयत त्यांच्याकडे आहे. रडणं माझ्याकडे आहे. ते काही त्यांना ठेवून घेता येणार नाही."

गल्लीच्या मंडळाचा सामाईक मांडव होता. खांब, रंगीत कापड, लोखंडी खुर्च्या. मंडळाचा म्होरक्या शेख इद्रीस कुलूप काढताना म्हणाला, "गय्यूम, हे लोक मांडव घेऊन जातील. परत द्यायचे नाहीत."

"नेऊ देत."

"नेऊ देत म्हणतोस, पण पुढचा मेला तर त्याच्या माणसांना कुठं बसवू?" असं पुटपुटत त्यानंच पहिला खांब खांद्यावर घेतला.

रस्त्यावर मांडव उभा राहिला. आधी कोणी येईना. लोक कोपऱ्यापर्यंत यायचे, बघायचे, परतायचे. मग कारखान्याची सुट्टी झाली आणि सायकली यायला लागल्या. एकेक जण सायकल भिंतीला लावायचा, माझ्यासमोर येऊन हात पसरायचा. काही न विचारता. आत अंगणात बायका तोमाभोवती बसल्या. कुणाच्या घरून भाकरी आली, कुणाच्या घरून कालवण.

इह्सान बायकांत बसली नाही. तिनं स्वतःच्या खोलीत बसून हातापायांना मेंदी लावली. नवरा जिवंत असलेल्या बाईनं लावावी तशी, काळी, मनगटापर्यंत. मग केशरी तोब नेसली आणि सुतकी बायकांच्या मधून पाणी भरत फिरली. बायकांनी माना खाली घातल्या. तोमा एकदाही तिला काही बोलली नाही.

सुरक्षावाले दुसऱ्या दिवशी आले. दोन ट्रक आणि एक जीप. जीपमधून एक मेजर उतरला, परगावचा, पोट सुटलेला. त्याच्या मागून मुअतसिम.

"कोण मेलंय इथं?" मेजर ओरडला. "मयत दाखवा. कबर दाखवा. नाही? मग हे काय, नाटक आहे? सरकारची बदनामी करायला मांडव घालता?"

कोणी उठलं नाही. तोमा अंगणातून बाहेर आली. पुरुषांच्या मांडवात बायका येत नाहीत, ती आली आणि मधोमध उभी राहिली.

"तुमच्याच माणसाला विचारा," ती म्हणाली. "पहिली फातिहा त्यानं धरली. माझ्या दारात. आम्ही त्याच्या मागून."

मेजरनं मुअतसिमकडे पाहिलं. "काय बडबडतेय ही?"

"म्हातारीचं डोकं ठिकाणावर नाही, साहेब."

"मग सांग हिला सगळ्यांसमोर. स्पष्ट सांग."

मुअतसिमनं घसा साफ केला. "बाबिकर जिवंत आहे. कैरोमध्ये आहे."

मांडवात चुळबुळ झाली. कुणीतरी "या अल्ला" म्हणालं, कुणाला विश्वास बसायला लागला असेल. तेवढ्यात इह्सान बाहेर आली. केशरी तोब, मेंदीचे काळे हात. ती सरळ मुअतसिमसमोर गेली.

"मुअतसिमभाऊ, मी तुझ्या बाजूची आहे. या सगळ्या गल्लीत एकटी मी. आत्या म्हणते तू खोटं बोलतोस. मी म्हणते, नाही. तू फक्त एक कर. तलाकची शपथ घे."

आमच्याकडचे पुरुष ऊठसूट तलाकची शपथ घेतात. पाहुण्यानं अजून एक घास खावा म्हणून, दुकानदारानं भाव उतरवावा म्हणून. पण खोटी कोणी घेत नाही, कारण खोटी घेतली की बायको खरोखर सुटते, आणि पुढे तिच्याबरोबर राहणं हराम. मुअतसिमचं लग्न होऊन वर्षही झालं नव्हतं.

"इह्सान, घरी जा," तो हळूच म्हणाला.

"एवढंच म्हण. बाबिकर जिवंत नसेल तर माझी बायको मला तलाक. म्हण, की हा मांडव मी माझ्या हातांनी काढते. आत्याला झाडाखाली जाऊ देत नाही. तुमच्या सरकारला दुवा देते. म्हण, भाऊ."

"म्हण की!" मेजर खेकसला. "म्हणून मोकळा हो."

मुअतसिमचं तोंड उघडलं. आम्ही सगळे त्या तोंडाकडे बघत होतो. तोमासुद्धा. आणि मी पाहिलं, तिलाही ती शपथ हवी होती. सगळ्या गल्लीसमोर आपण खोटं पडावं, असं त्या क्षणी तिला वाटत होतं.

मुअतसिमनं तोंड मिटून घेतलं. मेजरनं त्याच्या दंडाला धरून हलवलं, तरी उघडलं नाही. मग त्यानं मान वळवली आणि ट्रकच्या चाकाकडे बघत राहिला.

इह्साननं आपले हात डोळ्यांसमोर धरून पाहिले, जणू कुणा दुसऱ्याचे असावेत, आणि जमिनीवर बसली. तोमा तिच्याजवळ जाऊन बसली. पहिली किंकाळी माझ्या मुलीची होती. मग अंगणातून बायकांनी जो टाहो फोडला तो पलीकडे रेल्वे यार्डापर्यंत गेला असेल. मांडवातले सगळे पुरुष उभे राहिले आणि सगळ्यांनी हात पसरले. बंदुका रोखलेल्या होत्या, तरी पसरले.

"पाडा हे!" मेजर किंचाळला.

त्यांनी खांब उपटले, खुर्च्या लाथाडल्या, शेख इद्रीसच्या कपाळावर बंदुकीचा दस्ता बसला. आम्हां दहा-बारा जणांना ट्रकमध्ये चढवलं आणि मांडवाचं कापड वरून आमच्या अंगावर टाकलं. मुअतसिम ड्रायव्हरशेजारी बसला. बायकांचं रडणं मागे राहिलं, पण थांबलं नाही. ट्रक वळेपर्यंत मला त्यातून तोमाचा आवाज वेगळा ओळखता येत होता.

कापडाखाली उकाडा होता, धूळ होती, आणि इद्रीसच्या रक्ताचा वास.

"तरी मी म्हणत होतो, मांडव घेऊन जातील," इद्रीस अंधारात म्हणाला.

"गप की, मेल्या," शेजारून कुणीतरी म्हणालं. "गय्यूम, नेतायत कुठं आपल्याला?"

"बाबिकरला नेलं तिथंच," मी म्हणालो. "डोळे उघडे ठेवा. ज्याला परत येता येईल त्यानं तोमाला बाबिकरच्या कबरीची जागा सांगायची."