शेवटच्या तीन

दवाखान्याचा सज्जा कोसळला, दोन माणसं जायबंदी झाली आणि चौकशी येऊन थांबली तीनवाल्यांच्या टेबलापाशी. नकाशा त्यांनी काढलेला, सळई दहा मिलिमीटरची दाखवलेली. हवी होती सोळाची. साहेबांनी हात झटकले. "मी विश्वासानं सही केली," म्हणाले. चोराच्या उलट्या बोंबा, दुसरं काय!

पण तीनवाले निर्धास्त होते. आधी त्यांनी सोळाचीच काढली होती, आणि त्याच नकाशावर साहेबांनी स्वतः शेरा टाइप केला होता, 'सोळा कशाला? दहा चालेल.' ती फाइल बॅकअपमध्ये पडून होती. "कर नाही त्याला डर कशाला," असं बायकोला सांगून ते चौकशीच्या दिवशी लवकरच ऑफिसात आले.

तीनवाले हे नाव ऑफिसनं दिलेलं. प्रत्येक कामाच्या शेवटच्या तीन कॉपी ठेवायच्या, बाकीच्या उडवायच्या, हा त्यांचा नियम. घरी कॉपी नेणं म्हणजे त्यांच्या लेखी चोरी. शेजारच्या टेबलावरच्या बाईंकडे एकदा पेन ड्राइव्ह दिसला, तर सगळ्यांदेखत त्यांना रडेपर्यंत बोलले होते. मात्र डोळ्याच्या ऑपरेशनपासून आठ महिने त्यांच्या स्वतःच्याच जुन्या कॉपींची सफाई राहून गेली होती. जन्मात एकदा केलेला आळस कामाला येणार म्हणून ते मनात हसत होते.

मशीन चटकन सुरू झालं. इतकं चटकन, की ते आधी बॅकअपच शोधू लागले.

"कसं पळतंय बघा!" बाई कौतुकानं म्हणाल्या. "काल साहेब म्हणाले, डिस्क भरलीय, चौकशीची माणसं यायच्या आत जागा करा. तुमचाही सगळा जुना बॅकअप साफ केला. तुम्हाला तेवढाच आराम."

"सज्ज्याचा?"

"त्याच्या शेवटच्या तीन ठेवल्यात की. तुमचाच नियम."

त्यांनी तिन्ही उघडल्या. पहिलीत दहाची सळई. दुसरीत खिडकी वीतभर सरकवलेली, सळई दहाची. तिसरीत नुसतं शीर्षक ठळक केलेलं. साहेबांचा शेरा एकीतही नव्हता. नकाशा स्वच्छ दिसावा म्हणून तो तीनवाल्यांनीच पुसला होता.

"काही चुकलं का हो माझं?" बाईंनी विचारलं.

तीनवाल्यांना शिवी द्यावीशी वाटली. द्यायची कुणाला, तेच कळेना. "नाही," ते म्हणाले, "तुम्ही बरोबरच केलंत."

अकराला चौकशी अधिकारी समोर बसले. शेजारी साहेब, घडी न मोडलेल्या शर्टात.

"आधीची कॉपी आहे?"

"होती. नियमाप्रमाणे काढून टाकली."

"नियम कुणाचा?"

साहेब पहिल्यांदाच त्यांच्याकडे वळले, अगदी मायेनं.

"माझा," तीनवाले म्हणाले, आणि कारकुनानं ते लिहून घेतलं.