एकवरचा पोकळ गोल

मित्रांनो, पळू नका, ऐका ना! मी एक जुना सागवानी खांब. परतवाड्याच्या रस्त्यावर, नाल्याच्या रपट्याला, म्हणजे पुरात बुडणाऱ्या बुटक्या पुलाला, लागून उभा. अंगावर खालून वर आकडे: शून्य म्हणजे रपट्याची फरशी, मग एक फूट, दोन फूट, तीन फूट. उभी केलेली संख्यारेषाच की मी!

ज्योत्स्ना मॅडम तर अख्खा वर्ग घेऊन आल्या होत्या. एकवर त्यांनी लाल, भरलेला गोल काढला आणि तिथून वर बाण. "बाणात पाणी दिसलं की रपट्यावर जायचं नाही. गोल भरलेला, म्हणजे एकसुद्धा बाणात. पोकळ असता तर एकला सूट. समजलं?"

"हो मॅडम!" सगळ्यात मोठ्यानं करिश्मा ओरडली.

मग काय, जो तो मला बघून थांबायचा. मी नुसता फुगायचो! पण रंग उडाला. कोणी बकरी बांधली, कोणी खर्रा खाऊन थुंकलं. यंदा पोळ्याच्या आदल्या दिवशी अनुप पेंटर आला, पण लाल रंग बैलांच्या शिंगांतच संपत आलेला. त्यानं मला पांढरं फासलं अन् एकवर नुसतं लाल कडं काढलं. "भारी रिंग दिसते बे!" म्हणाला अन् गेला.

पोळ्याच्या दुपारी नाला चढला. करिश्मा अन् तिचे बाबा, सागरभाऊ, बाजारातून गाडीवर येत होते. तिच्या खिशात नवी लाल नेलपॉलिश. पाणी बरोब्बर एकवर.

"काय म्हणते तुया खांब?" सागरभाऊंनी विचारलं.

"बाबा, गोल आता पोकळ केला हाय! म्हंजे एक चालते."

"पक्कं?"

"मॅडमनं शिकवलं हाय मले."

"माही हुशार पोरगी!" म्हणत त्यांनी गाडी घातली.

मला तोंड असतं तर, मित्रांनो!

मधेच गाडी घसरली. करिश्मा वाहत येऊन माझ्यावर आदळली, मला कवटाळून राहिली. सागरभाऊ माझ्या बाजूनंच गेले. मला हात नाहीत. ते दुसऱ्या दिवशी खाली, बाभळीत अडकलेले सापडले.

काल करिश्मा एकटी आली. तीच नेलपॉलिश काढून गोल भरत बसली. इवलासा ब्रश, इवलीशी बाटली. बाटली संपली, तरी मधे नखाएवढं पांढरं राहिलंच.

मित्रांनो, तुमच्या घरी लाल रंग असेल ना? तेवढं भरून द्या. शिंगांना मागून लावा.