सुरुंग हुंगणारा भाचा

तुमचा विश्वास बसणार नाही, आणि बसू नयेच. पण माझा भाचा जमिनीतले सुरुंग नाकानं हुंगून काढायचा.

आमचं सायकल दुरुस्तीचं दुकान. लढाईवरून परतल्यापासून भाचा तिथंच बसतो. पंक्चर काढण्यात त्याचा हात धरणारा कोणी नाही, पण दुकानापुढच्या मातीवर पाऊल टाकायचं म्हटलं की गडी घामाघूम. दारापासून रस्त्यापर्यंत त्यानं फळ्या टाकल्यात, त्यांवरूनच येतो-जातो. लोक हसतात. हसले की तो मागच्या खोलीत शिरतो, मग जेवायलाही बाहेर येत नाही. ताई मला बोल लावते, "तुझ्याच थापा ऐकून भरती झाला तो. आता निस्तर!" म्हणून मी निस्तरतो, म्हणजे आणखी थापा मारतो.

परवा पोस्टमन सायकल ढकलत आला. "काय रे जवान, पायांना मेंदी लावलीय का?"

भाच्याचा हात थांबला. मी लगेच तोंड घातलं.

"अहो, त्या पायांची किंमत ठाऊक आहे का? लढाई संपल्यावर अख्खं माळरान यानं मोकळं केलं. पुढं हा नाक भुईला लावून, मागं सगळी पलटण. शेंगा उपटाव्यात तसे सुरुंग उपटले! एक फुटायलाच आला होता, तर यानं असे डोळे वटारले की बिचारा ओशाळून गप्प बसला."

"म्हणजे एकही राहिला नाही?" पोस्टमननं हसू दाबत विचारलं.

"राहील कसा? एकूण एक!"

"खोटं," भाचा म्हणाला.

हातातली ट्यूब त्यानं खाली ठेवली नाही. "पेरले मीच होते. मोजमाप एका झाडापासून धरलं होतं. काढायला परत गेलो, तर झाडच नाही. लोकांनी सरपणाला नेलेलं, मुळासकट. मग अंदाजानं काढत गेलो. आणि साहेबाला सांगितलं, सगळे निघाले."

पोस्टमनचं हसू विरलं. "मग?"

"एक राहिला होता. बकऱ्या चारणाऱ्या बाईला सापडला."

मी तोंड उघडलं. त्या बाईला चालत घरी पोचवणारी एखादी थाप जिभेवर आलीच होती.

"मामा," तो म्हणाला, "तिला वाचवू नका."