कानबाईचं चमकीचं लुगडं

तुळशीबाईला चमकीचा भारी राग. राग यावा असंच होतं म्हणा. सून आल्यापासून घरात अशी एक जागा उरली नव्हती जिथे चमचम नाही. भाकरीच्या पिठात चमकी, अंथरुणात चमकी, वरणाच्या पातेल्याच्या काठावर चमकी. मुलगा उमाकांत साखर कारखान्यात फिटर. एकदा मिशीत सोनेरी कण घेऊन तो पाळीवर गेला, तर तिथल्या टवाळांनी त्याला पुढे कितीतरी दिवस "नवरदेव" म्हणूनच हाका मारल्या.

पण कारखान्याच्या पुरुषोत्तमनगर वसाहतीत गायत्रीच्या हाताला मोठा भाव होता. नवरात्र जवळ आलं की गरब्याच्या चनिया-चोळ्या, शाळेचं गॅदरिंग आलं की पोरींचे फ्रॉक, लग्नसराईत ब्लाउजच्या बाह्या, सगळं तिच्या दारात यायचं. गायत्री विसरवाडीची. बाप धुडकू पेंटर हायवेला ट्रक सजवायचा, आणि ओल्या रंगावर चमकी कशी भुरभुरायची ते ती त्याच्याजवळ बसून शिकली होती. लग्नानंतर पहिल्यांदा तिने स्वतःच्या साडीचा काठ चमकावला तेव्हा तुळशीबाईने डोळे वटारून विचारलं होतं, "लुगडं शे का ट्रक?"

"दोन्हींना लांबून दिसायला पाहिजे ना, आई," गायत्री म्हणाली होती, आणि हसत कामाला लागली होती. अशा सुनेशी भांडायचं तरी कसं? समोरची जरा चिडली तर भांडणाला मजा.

यंदा मात्र तुळशीबाईने स्वतःच्या तोंडाने चमकी मागितली. कारणच तसं होतं. श्रावणात नागपंचमी झाली की येणाऱ्या रविवारी खानदेशात घराघरांत कानबाई बसते. नारळाची देवी, तिच्या नाकात नथ, अंगावर लुगडं, चौरंगाभोवती केळीचे खांब. सुरत-नाशिकला गेलेले भाऊबंद झाडून घरी येतात, नैवेद्याचे गव्हाचे रोट खातात, रात्रभर गाणी म्हणतात, आणि सोमवारी सकाळी देवीला वाजतगाजत नदीवर नेतात. ज्या घरात ती बसते त्या घरची बाई चौरंग डोक्यावर घेते. तुळशीबाईच्या भाऊबंदकीत हा मान कायम मोठ्या जावेचा, सुपडाबाईचा. तुळशीबाई सून म्हणून आली तेव्हापासून आरतीचं ताट घेऊन तिच्या मागे चालत आली होती. मागे चालताना तिला दरवर्षी फक्त जावेची पाठ दिसायची आणि दरवर्षी वाटायचं, एकदा, एकदाच मला.

यंदा सुपडाबाईचे गुडघे गेले. तिनेच निरोप धाडला, "कानबाई औंदा तुळशीकडे बसू द्या." आणि वर पुस्ती जोडली, "तिला जमनं तर."

हे शेवटचं वाक्य तुळशीबाईच्या फार जिव्हारी लागलं. जमलं तर म्हणजे काय? घर रंगवून झालं, डबेडुबे घासून झाले, गहू निवडून झाले, तरी ते वाक्य काही डोक्यातून जाईना. शेवटी ती सुनेपुढे हिरवं लुगडं टाकून म्हणाली, "हाई कानबाईनं. असं कर की सुपडाबाईनं तोंड उघडंच ऱ्हायी जावाले पाहिजे."

एकच अट घातली. बाजारचा चिकट पदार्थ देवीच्या अंगाला लागता कामा नये, त्यात कुठली हाडंकातडी उकळलेली असतील देव जाणे. झाडाचाच डिंक हवा. गायत्रीने वाद घातला नाही. शहाद्याच्या बाजारात सातपुड्यातल्या बाया धावड्याचा डिंक घेऊन बसतात, तो आणला, भिजवला, फडक्यातून गाळला आणि मेंदीच्या कोनात भरला.

मग तुळशीबाई गहू निवडायच्या निमित्ताने समोर बसून राहिली. आजवर तिने सुनेने केलेला पसारा पाहिला होता, काम कधी पाहिलंच नव्हतं. गायत्री कोन धरायची तो असा, की हात हलतोय हे कळायचं नाही. डिंकाची बारीक रेघ कापडावर उतरायची, सरळ, एका जाडीची. रेघ ओली आहे तोवर चहाच्या गाळणीतून वरून चमकी भुरभुरायची. मग लुगड्याची दोन टोकं धरून एकच हलका झटका, की जादा चमकी खालच्या वर्तमानपत्रावर आणि उरलेली जिथल्या तिथे. पोरगी कामात असली की श्वाससुद्धा दुसरीकडे वळवून सोडायची. बघता बघता हिरव्या लुगड्याला वीतभर रुंदीचा सोनेरी काठ चढू लागला. बाई गं, काय हात आहे हिचा! तुळशीबाईच्या मनात आलं, पण तोंडातून निघालं ते वेगळंच. "गहूमा उडाडू नको."

शनिवारी दुपारपर्यंत अर्धा काठ झाला. गायत्री अंघोळीला गेली तेव्हा तुळशीबाईने नमुन्याची चिंधी उचलून बोटात वाकवली. कडाक! डिंक तडकला आणि चमकी झडली. देवीला नेसवताना घड्या पडणार, काठ तडकणार, आणि सुपडाबाई तिथे उभी असणार.

आता साखर कारखान्याच्या वसाहतीत जन्म काढलेली बाई अशा वेळी काय करील? तिचा नवरा होता तेव्हा दिवाळीला आकाशकंदील करायचा आणि डिंक तडकू नये म्हणून त्यात चमचाभर काकवी घालायचा. कागद कसा मऊ राहायचा! तुळशीबाईने फळीवरची उसाच्या काकवीची बरणी काढली आणि उरलेल्या डिंकात चांगली सढळ हाताने ओतली. देवीचं काम, तिथे कंजुषी कशाला? वर ढवळूनही ठेवलं. सुनेला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर तिने विचारलं असतं, आणि सासूने सुनेला उत्तरं द्यायची म्हणजे झालंच.

गायत्रीने उरलेला काठ त्याच डिंकाने पूर्ण केला. "आज डिंक छान उतरतोय," एवढंच म्हणाली. तुळशीबाई मनात खूश झाली. लुगडं आतल्या खोलीत दोरीवर वाळत पडलं.

रविवारी सकाळी दार उघडलं तर भिंतीवरून सोनं चाललं होतं. तुळशीबाई दोन पावलं पुढे गेली आणि डोळे ताणून बघू लागली. मुंग्या! तांबड्या मुंग्यांची रांग दोरीवरून भिंतीवर, भिंतीवरून खिडकीच्या फटीत, आणि एकेकीच्या तोंडात चमकीचा एकेक कण. आकाशकंदील बाहेर तारेवर लटकायचा, तिथे मुंग्या आल्या तरी कुणाला दिसायच्या? हे काही तिला आदल्या दिवशी आठवलं नव्हतं. काकवीचा अर्धा काठ जागोजागी कुरतडला होता, सोन्यातून हिरव्या नागमोडी रेघा निघाल्या होत्या. आणि सुपडाबाई सकाळच्या बसने यायची होती.

"वं माय वं!" तुळशीबाई मटकन खाली बसली. "मन्ही इज्जत गयी."

गायत्री धावत आली. तिने काठावर बोट फिरवलं, जिभेला लावलं. मग सासूकडे पाहिलं. तुळशीबाईने चुलीकडे पाहिलं, जणू तिथे काहीतरी उतू चाललं होतं. चूल पेटलेलीही नव्हती.

"आई, काकवीची बरणी द्या," गायत्री म्हणाली.

आता ही सगळ्यांना सांगणार, उमाकांतला सांगणार, येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगणार! तुळशीबाईने बरणी पुढे केली. गायत्रीने दोरीखालून खिडकीपर्यंत, तिथून बाहेर जास्वंदीच्या बुंध्यापर्यंत काकवीचे थेंब टाकले. कानबाईच्या दिवशी जीव मारायचा नाही, हे तिला सांगावं लागलं नाही. ताजं गोड मिळाल्यावर मुंग्या वळल्या. उरल्यासुरल्या तिने फुंकरीने उडवल्या. मग लुगडं उजेडात धरून ती नुसती बघत राहिली.

"नवं करायले टाइम नही," तुळशीबाई रडवेली झाली. "साधं नेसाडी दे. जे व्हयी ते व्हयी."

"थांबा," गायत्री म्हणाली. "आमच्या बाबांकडे ओरखडे पडलेले ट्रक यायचे. मालक म्हणायचा, सगळा पत्रा नव्याने रंगव. बाबा म्हणायचे, कशाला? ओरखडा जिकडे गेलाय तिकडे वेल काढू. नवाच वाटायचा ट्रक." तिने काठावरची एक कुरतडलेली रेघ बोटाने दाखवली. "बघा ना, वेल तर यांनी काढलाच आहे. पानं तेवढी राहिलीत."

तिने आगकाडीला ओलं फडकं गुंडाळलं आणि त्या हिरव्या रेघांच्या दोन्ही बाजूंनी चमकी अलगद पुसायला लागली. एक टिपका, एक ओढ, की सोन्यात हिरवं पान. डिंक नको, वाळवणं नको. रेघ जिथे संपली तिथे कळी, जिथे दोन रेघा भेटल्या तिथे फूल. तुळशीबाई गुडघ्यांवर हात ठेवून बघत राहिली. अशी वळणं कुणी कोनाने काढू म्हटलं तरी निघाली नसती. एखादी असती तर डोक्याला हात लावून बसली असती, नाहीतर सासूच्या नावाने खडे फोडत बसली असती. आणि ही बया मुंग्यांशीसुद्धा जुळवून घेत होती! तुळशीबाईला त्या क्षणी सुनेचा इतका अभिमान वाटला, की तिचा तिलाच राग आला.

"मुंग्या परत येतील, गोड आहेच काठात," गायत्री मान वर न करता म्हणाली.

"त्यानं मी देखस," तुळशीबाई उठली. दुधाच्या कपाटाला करतात तसं तिने चौरंगाच्या पायांखाली पाणी भरलेल्या वाट्या ठेवल्या. निदान एवढं तरी तिच्या हातून झालं.

सुपडाबाई आली ती काठी टेकत, सोबत सुना, पुतणे, नातवंडं. देवघरापुढे येऊन थांबली. हिरव्या लुगड्यातली कानबाई नथ सावरून बसली होती, साध्या डिंकाचा कडक काठ मागे घड्यांत गेला होता, आणि पुढच्या काठावर सोन्यातून वेल चढत गेला होता. समईची ज्योत हलली की पानं हलल्यासारखी वाटायची. सगळ्या बाया पुढे झुकल्या. सुपडाबाईने काठावरची पानं जवळून न्याहाळली. मग खाली वाट्यांकडे पाहिलं, पुन्हा वर पाहिलं.

"हाऊ वेल कोनी काढा?"

तुळशीबाईने तोंड उघडायच्या आत गायत्री म्हणाली, "आईंनी. सगळं आईंनीच केलं."

सगळ्या माना तुळशीबाईकडे वळल्या. सुपडाबाईच्या डोळ्यांत तिच्याविषयी कधी नव्हतं ते कौतुक आज होतं. इतकी वर्षं हेच तर हवं होतं. आता फक्त गप्प बसायचं होतं. तुळशीबाईने कानबाईकडे पाहिलं, सुनेकडे पाहिलं, आणि तिचा संताप संताप झाला.

"कानबाईना म्होरे खोटं बोलस का वं?" ती गायत्रीवर कडाडली. "लाज नही वाटत?" मग जावेकडे वळली. "मी काय कयं सांगू? डिंकमा काकवी टाकी. मुंग्यास्नी सगळं खाई टाकं. मी रडत बसनू. हाऊ वेल, हाई पानं, सगळं मन्ही सूननं काम शे. ट्रकवालानी पोर शे ती, आनि तिनासारखा हात तुन्हा-मन्हा सात पिढीमा कोनाना नही!"

गायत्रीची मान खाली गेली. सुपडाबाईने काठी भिंतीला टेकवली, गुडघा धरत धरत खाली बसली आणि देवीच्या पाया पडली.

"मन्हा घरमा इतला वरीस कानबाई बसनी," ती म्हणाली. "पन असं लुगडं तिनी कधी नेसं नही."

रोट झाले, गाणी झाली, पोरंटोरं जागेवरच पेंगली. सोमवारी सकाळी ढोल दारात आला. बाया गोळा झाल्या. तुळशीबाई नवं पातळ नेसून, कपाळभर कुंकू लावून पुढे झाली. तिने फडक्याची चुंबळ वळली, नीट दाबून गोल केली. सुपडाबाईने चौरंगाला हात लावला आणि म्हणाली, "चाल तुळशी. तुन्हा मान शे."

तुळशीबाईने चुंबळ डोक्यापर्यंत नेली. मग मागे वळली आणि आरतीचं ताट धरून उभ्या असलेल्या गायत्रीच्या डोक्यावर ती चुंबळ ठेवली.

"आई, असं काय करता?" गायत्री घाबरली. "हा तुमचा मान. तुम्ही किती वर्षांपासून वाट बघताय."

"मन्हं डोकं दुखी ऱ्हायनं," तुळशीबाई खेकसली. "उचल गुपचूप."

तिचं डोकं मुळीच दुखत नव्हतं. चौघींनी मिळून चौरंग चढवला, ढोल वाजला, आणि गायत्री देवीला डोक्यावर घेऊन अंगणातून बाहेर पडली. तुळशीबाईने सुनेच्या हातातलं ताट घेतलं आणि तिच्या मागे चालू लागली. वाटेत वसाहतीतली एक नवीन बाई फाटकाशी उभी होती. तिने विचारलं, "मावशी, पुढे कोण आहे हो?"

"मन्ही सून शे," तुळशीबाई ढोलाच्या वर आवाज चढवून म्हणाली.