राणीसरकारची आंघोळ

मास्तर शिंपी होते, आणि कापड बेतण्याआधी भिजवून घ्यायचं हे त्यांच्या हाडीमाशी खिळलेलं. म्हणून गेल्या रविवारी त्यांनी मांजरीलाही आधी भिजवलं. लांब केसांची मांजर आधी विंचरायची असते, हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. सांगणारी बायको चार महिन्यांपूर्वी वारली. केसांचे गुंते आवळून गोळे झाले, मास्तरांच्या हातावर सात ओरखडे उठले आणि राणीसरकार कपाटावर चढली ती दुसऱ्या दिवशी जेवायलाच उतरली.

धाकट्या मेहुणीने ते ध्यान पाहिलं आणि निकाल देऊन टाकला. "भावोजी, हे तुमच्याच्यानं व्हायचं नाही. रविवारी चारला येते. तोवर ताईची मांजर धड दिसली नाही, तर घेऊन जाते."

मास्तर "बरं" म्हणाले. मांजर गेली की घरात त्यांच्याखेरीज श्वास घेणारं कुणी उरणार नव्हतं, पण हे मेहुणीला कसं सांगायचं ते त्यांना सुचलं नाही.

आठवडाभर बसून त्यांनी एकेक गुंता सोडवला. रविवारी टबात चार बोटं कोमट पाणी घेतलं, पाय घसरू नयेत म्हणून तळाशी जुनी चादर घातली आणि राणीसरकारला अलगद आत ठेवलं. तिने एकदा पाण्याकडे पाहिलं, एकदा मास्तरांकडे, आणि नखं काढली.

"शांत हो गं बाळा," मास्तर म्हणाले. या घरात इतकं गोड कुणी बोलत नसे. ती आणखीच बिथरली.

मग त्यांना आठवलं. बायकोच्या हातात ही अगदी गाय होऊन बसायची. बायको न्हाऊ घालताना एकसुरात नवऱ्याची गाऱ्हाणी सांगायची आणि मास्तर बाहेर पेपर तोंडासमोर धरून कानावर पडलंच नाही असं दाखवायचे.

त्यांनी घसा खाकरला आणि बायकोचाच सूर धरला. "बघतेस ना? चष्मा कपाळावर, आणि शोधतोय घरभर. जगाचे कपडे वेळेवर, माझ्या ब्लाउजला मात्र सहा महिने बटण नाही."

नखं आत गेली. मास्तरांनी शांपू लावला.

"घोरतो. वर मलाच म्हणतो, तू घोरतेस. कंबर दुखते म्हटलं की म्हणतो, पडून राहा जरा. डॉक्टरकडे चल म्हणायला काय तोंड दुखतं?"

त्यांचा हात थांबला. इतके दिवस पेपरमागून ऐकलेलं हे वाक्य स्वतःच्या तोंडून ऐकवेना. तिची फार आठवण आली. मांजर चुळबुळली. पुढचं काही केल्या आठवत नव्हतं.

"ओला टॉवेल पलंगावर टाकतो," दाराबाहेरून मेहुणी म्हणाली. ती अर्धा तास आधीच आली होती. "ते राहिलं."

"ओला टॉवेल पलंगावर टाकतो," मास्तर म्हणाले. राणीसरकारने डोळे मिटले.

मांजर न्यायला आणलेली टोपली बाहेर खाली ठेवल्याचा आवाज आला. "पुसायला काय देऊ?"

"टॉवेल आहे ना. पलंगावर."

मेहुणी गेली आणि परत आली.

"ओला आहे," ती म्हणाली. "पुढच्या खेपेला कोरडा काढून ठेवा. विंचरायला मी येईन."