धावेवरचा गोरा सरदार

गोवर्धन माळ्याच्या मळ्यात अमेरिकेचा एक सरदार बैलावर बसला होता आणि तो उठायला तयार नव्हता.

सरदार दगडाचा होता, बैलही दगडाचा. तेव्हा त्यांनी आपणहून उठावं अशी अपेक्षा गोवर्धनचीही नव्हती. त्याची तक्रार जागेबद्दल होती. सरदार बसला होता नेमका धावेच्या डोक्यावर. विहिरीवर मोट चालते तेव्हा बैलजोडी ज्या उतारावरून खाली जाते आणि पाण्यानं भरलेली मोट वर येते, तो उतार म्हणजे धाव. धाव अडली की मोट बंद. मोट बंद की वांगी बंद, मेथी बंद, झेंडू बंद. आता गोवर्धन आणि त्याची बायको माणिकबाई घागरीनं पाणी शेंदत, आणि माणिकबाई प्रत्येक घागरीबरोबर नवऱ्याला एक वाक्य मोफत देई.

“लोकाईच्या मळ्यात लसूण लावते. आमच्या मळ्यात गोरा लावला.”

“दोन दिवसासाठी ठेवला होता ना पाटलानं.”

“हो ना. दोन दिवस मोठे निघाले.”

झालं होतं असं. सातासमुद्रापलीकडे अमेरिकेत उत्तरेकडचे आणि दक्षिणेकडचे एकमेकांच्या जिवावर उठले होते. तिकडचा कापूस तिकडेच अडकला, विलायतेच्या गिरण्या उपाशी बसल्या आणि इकडे वऱ्हाडातल्या कापसाला असा भाव आला की चिंचखेडच्या लोकांना आधी चेष्टाच वाटली. किसनराव पाटलांनी बैलांच्या शिंगांना चांदीच्या शेंब्या बसवल्या. मग गाईंना. मग कुत्र्याला शिंगं नसल्यामुळे त्याला चांदीचा पट्टा. त्यानंतर चांदी लावण्यासारखं घरात काही उरलं नाही, तेव्हा पाटलांना उपकाराची आठवण झाली.

अकोल्याच्या कापूस बाजारात त्यांनी ऐकलं होतं की दक्षिणेकडचा एक सरदार आहे, तो काही केल्या हार खात नाही, म्हणून लढाई चालू आहे. आणि लढाई आहे तोवर भाव आहे.

“मानसानं उपकार इसरू नाही,” पाटील चावडीवर म्हणाले. “थो तिकडं आपल्यासाठी लढून राहिला. त्याचा पुतळा पायजे.”

सरदार आपल्यासाठी लढतोय हे त्या बिचाऱ्याला कळवलं होतं का, असं कोणी विचारलं नाही. त्याचं नावही कोणाला येत नव्हतं. माहिती एवढीच, की दाढी आहे आणि घोड्यावर बसतो. तेवढ्या माहितीवर पाटलांनी पातूरहून पाथरवट बोलावला.

“घोडा मले जमत नाही,” पाथरवट म्हणाला. “नंदी जमते.”

“अन् मानूस?”

“मारुती जमते. दाढी लावून देतो.”

तर सरदार असा तयार झाला. छाती मारुतीची, दाढी स्वतःची, खाली नंदी. हातातली गदा सवयीनं कोरली गेली होती, तिला बंदूक म्हणायचं असं पाटलांनी ठरवून टाकलं. नंदीचा डावा कान पाथरवटाच्या हातून उडाला, त्याबद्दल तो म्हणाला की लढाईत होतंच असं.

मूर्ती रस्त्यानं येणाऱ्या-जाणाऱ्या कापसाच्या गाड्यांना दिसली पाहिजे, म्हणून उंच जागा शोधण्यात आली. त्या सपाट काळ्या रानात सगळ्यांत उंच जागा गोवर्धनच्या मोटेची धाव निघाली.

“दोन दिवस ठेवतो, गोवर्धना,” पाटील म्हणाले. “चावडीपुढं ओटा बांधला की नेतो.”

ओटा बांधायला माणसं मिळेनात, कारण सगळे कापसात. गोवर्धननं बैल सरदाराच्या बाजूनं वळवून पाहिले. तर ते दगडी नंदीपुढे जाऊन उभे राहत, त्याला हुंगत आणि पाहुणा आहे असं समजून तिथंच थांबत. चाबकाचा उपयोग होईना. बैलांना रीतभात होती, ती पाटलांना नव्हती.

शेवटी गोवर्धननं डोकं चालवलं. तो माळी माणूस. देवांची व्यवस्था त्याला रोजची. त्याचा हिशेब सरळ होता. पुतळ्याला कोणी ओटा बांधत नाही, पण देवाला गाव देऊळ बांधतं. देऊळ गावात होईल, देव गावात जाईल, धाव मोकळी होईल. भर दुपारी, लोक जेवत असताना, त्यानं सरदाराला टाळूपासून दाढीपर्यंत शेंदूर फासला, नंदीला फासला, झेंडूचा हार घातला आणि घरी येऊन काही न झाल्यासारखा भाकर खायला बसला.

दुसऱ्या दिवशी सकाळी बायका ताटं घेऊन हजर. जयवंता, पाटलांकडे कापूस वेचायला जाणारी, हिची शेळी हरवली होती. तिनं सरदाराला नवस बोलला आणि शेळी संध्याकाळी आपली आपण घरी आली, जशी ती एरवीही येई. पण जयवंतानं पुरणपोळीचा नैवेद्य दाखवला आणि गावाची खात्री पटली. पाटील स्वतः आले, आपणच घडवून घेतलेल्या मूर्तीपुढे दचकून उभे राहिले आणि हात जोडले.

गोवर्धन हळूच म्हणाला, “पाटील, देव असा उघड्यावर बरा नाही दिसत. गावात न्यावं म्हनतो मी.”

“खुळा झाला का बे?” पाटील म्हणाले. “शेंदूर लागलेला देव जागचा हालवते कोणी? पुतळा असता तं नेला असता. आता हात नाही लावू शकत!”

गोवर्धन घरी आला. माणिकबाई चुलीपुढे बसली होती.

“शेंदूर कोनं लावला असन वं माय?” तिनं चुलीला विचारलं.

गोवर्धननं आपली केशरी बोटं धोतरात लपवली, आणि धोतरही केशरी झालं.

*

पुढं भाव पडला. भाव आधी पडला आणि कारण मागून आलं. चिंचखेडला बातम्या नेहमी याच क्रमानं येत. कारण घेऊन आले खुशालराव, पाटलांचे मेहुणे. ते अमरावतीला कापसाच्या पेढीवर कारकून होते आणि वर्तमानपत्र वाचत असल्यामुळे दिवाळीला बहिणीकडे आले की आधी गावाला शहाणं करत, मग फराळ करत.

पाटलांच्या अंगणात वेचणाऱ्या बायका आपापला वेचलेला कापूस ओतून त्यातल्या हिश्शासाठी बसल्या होत्या. गोवर्धन फुलं द्यायला आला होता, तो दारातच थांबला.

“भाऊजी, लढाई उन्हाळ्यातच संपली,” खुशालराव म्हणाले.

“कोन जिंकलं?”

“उत्तरेकडचे.”

“अन् आपला?”

“हरला.”

आपण हरणाऱ्याचा पुतळा उभारला, ही शक्यता कोणी धरलीच नव्हती. पाटलांना एवढंच सुचलं, “पन दिसाले जिंकनारा दिसते.”

“आणि ज्या गोष्टीसाठी तो लढत होता, ती काही बरी नव्हती,” खुशालराव चकली मोडत म्हणाले. “दक्षिणेकडचे लोक कापूस वेचायला माणसं विकत घेत. बाया, लेकरं, सगळी. बाजारात उभी करून, बैलासारखे दात बघून. वेचलं तरी हिस्सा नाही. पळालं तर चाबूक. ते असंच चालावं म्हणून हे लढले. आता ती माणसं मोकळी झाली.”

जयवंता उठून उभी राहिली. तिच्या लुगड्याला अजून कापसाचे तंतू चिकटलेले होते.

“म्हनजे वेचनारीले इकत घ्याचा थो?”

“तो स्वतः की त्याचे लोक, ते मला—”

“अन् म्या त्याले पुरनपोळी चारली?”

यावर खुशालरावांच्या वर्तमानपत्रात काही आलेलं नव्हतं.

जयवंता बाकीच्या बायकांकडे वळली. “चाला वं. जवरोक थो गोरा शिवारात हाय, तवरोक पाटलाच्या वावरात पाय नाही ठेवाचा. रोज त्याच्यासमोरून वटीत कापूस भरून जाचं अन् त्यानं वरतून पाहाचं. माही शेळी तं तिच्या अकलेनं आली होती, आता समजलं.”

आणि बायका गेल्या. हिस्सा मात्र घेऊन गेल्या.

वावरात बोंडं फुटून कापूस लोंबत होता. दुसऱ्या दिवशी आणखी लोंबला. भाव पडलेला होता, पण पडलेल्या भावानं विकायला तरी तो वेचावा लागतो. पाटलांनी आपल्या बायकोला वेचण्याबद्दल विचारून पाहिलं. तिनं त्यांच्याकडे असं पाहिलं की ते कुत्र्याशी बोलायला बाहेर गेले.

चावडीवर गाव जमलं. निम्मे म्हणाले, काढा. निम्मे म्हणाले, त्याच्या राज्यात आपण चांदी पाहिली, हरला म्हणून काय झालं. पण ‘काढा’ म्हणणाऱ्यांतलाही एक जण हात लावायला तयार होईना. शेंदूर होता ना! गोवर्धन खाली मान घालून बसला होता. मघापासून निम्मं गाव त्याच्या मनातलं बोलत होतं, आणि अडसर म्हणून जे दाखवत होतं ते त्याच्याच हातचं होतं. पुढचा उन्हाळा घागरीवर काढणं त्याला आणि माणिकबाईला झेपणार नव्हतं. मळा वाळला असता, किंवा माणिकबाईनं त्याला विहिरीत ढकललं असतं. दुसऱ्यात निदान पाणी होतं.

“देवालेच पुसा ना मंग,” तो म्हणाला.

“कसं पुसाचं?”

“नत्थुजी हाये ना.”

नत्थुजी हे गावचे भगत. त्यांच्या अंगात गावातले सगळे देव येत, गर्दी असली तर दोन-दोन. मात्र गोरा देव त्यांनी कधी घेतला नव्हता. त्याची भाषा येत नाही, ही त्यांची अडचण.

“तो तुमच्या अंगात येईन तं तुमच्या भाषेतच बोलीन,” पाटील म्हणाले. “भाड्याच्या घरात जे चूल असन तिच्यावरच रांधा लागते.”

सगळं गाव धावेवर आलं. ऊद पेटला, डफडं वाजलं. नत्थुजी घुमायला लागले, मग एकदम ताठ झाले आणि नसलेल्या दाढीवरून हात फिरवू लागले.

“आला!” लोक ओरडले.

“कोन हायस तू?” पाटलांनी विचारलं.

“मी सरदार,” नत्थुजींच्या तोंडून सरदार वऱ्हाडीत म्हणाला. “मले बैलावर काहून बसवलं बे?”

पाटील चपापले. “घोडा जमत नव्हता, म्हाराज. माफी असावी.”

तेवढ्यात जयवंता गर्दीतून पुढं आली. ती देवाशी बोलताना पदर सावरे, तो तिनं आज कमरेला खोचला होता.

“मले सांग रे सरदारा. तुह्या घरी कापूस कोन वेचे?”

नत्थुजी घुमत राहिले.

“वेचनारीले काय देत होता?”

डफडंवाला वाजवायचं विसरला. अंगातला सरदार निघून गेला असता तरी चाललं असतं, पण तो निघेना आणि बोलेना.

“पानी पाजा,” सरदार शेवटी म्हणाला.

“पानी?” माणिकबाई मागून कडाडली. “मोटीवर तूच बसला ना बावा! कुठलं पानी?”

गाव हसलं. आणि ज्या देवावर एकदा सगळं गाव हसलं, त्याची भीती जरा सैल होते. सरदारालाही ते कळलं असावं, कारण नत्थुजी पडेल आवाजात म्हणाले, “मले जाऊ द्या.”

गोवर्धननं संधी सोडली नाही. “पाटील, देव सोता जातो म्हनून राहिला. गाडा करा! मरीमायचा करतो तसा.”

सगळ्यांचे चेहरे उजळले. पटकीची साथ आली की मरीमायला गाड्यात बसवायचं, चोळी-बांगडी द्यायची आणि वाजतगाजत शेजारच्या गावाच्या शिवेवर नेऊन सोडायचं, ही तर रीतच. देव हलवायचा नसतो, पण पाठवणी करता येते. मरीमायच्या गाड्यातल्या बाहुल्या आणि सरदार यांतला फरक वजनाचा, तेवढाच.

बारा बैलांचा गाडा झाला. सरदाराला चोळी द्यावी की फेटा यावर थोडा वाद झाला, मग दोन्ही दिलं. सगळ्यांत पुढं गोवर्धनची जोडी होती, आणि पाहुण्याला घालवायचं आहे हे कळल्यावर ती अशी ओढायला लागली की बाकीच्यांना पळावं लागलं. शेजारच्या शिवेवर सरदाराला उतरवून चिंचखेडकर मागं न बघता परतले. मागं बघितलं तर तोही परत येतो.

त्या संध्याकाळी गोवर्धननं मोट जोडली. बैल उतारावरून खाली गेले, चाक कुरकुरलं आणि पाणी भडभडून पाटात पडलं. माणिकबाईनं ओंजळ भरून तोंडावर मारली आणि पहिल्यांदाच फुकटचं वाक्य दिलं नाही. गोवर्धन मात्र पाणी सोडून धावेकडे बघत होता. एवढी उंच, मोकळी, रस्त्यावरून दिसणारी जागा बघून त्याला काळजी वाटायला लागली होती.

*

पुढच्या वर्षी बोंडं फुटली तेव्हा पातूरकडच्या शिवेवरून वाजंत्री ऐकू आली.

मोठा गाडा होता, मोठी गर्दी. मधे शेंदराचा एक गोळा, ना नाक ना डोळे. प्रत्येक गावानं त्याला घाबरून शेंदूर लावला होता, घाबरूनच पुढच्या गावाला दिला होता, आणि तो वऱ्हाडाला वळसा घालून आला होता.

“भारी जागृत देव हाय,” गाडेवाले म्हणाले. “चांदूर गावाकडून आला म्हनते. दोन दिवस ठेवून घ्या.”

पाटलांनी भक्तिभावानं हात जोडले. “उंच जागा पायजे,” ते म्हणाले आणि त्यांची नजर सवयीनं धावेकडे गेली.

गोवर्धननं गोळ्याकडे पाहिलं. खालच्या बाजूला शेंदरातून एक कान वर आला होता. उजवा. डावा नव्हता.

“जागा नाही, पाटील,” तो म्हणाला.

“काहून नाही?”

“तिथं देव हाये.”

धावेच्या डोक्याशी, चाकाच्या खांबाजवळ, नारळाएवढा दगड होता. त्याला शेंदूर फासलेला होता, चांगला वर्षभर जुना.

“हा कोनता देव?”

“धावबाबा. लय कडक. बैल खाली-वर होत राहले तं खुश राह्यते. थांबले की कोपते.”

पाटलांनी विचार केला. शेंदूर होता. जागचा हलवता येत नव्हता. देवाच्या डोक्यावर देव बसवता येत नव्हता. त्यांनी धावबाबालाही हात जोडले आणि गाडेवाल्यांना सांगितलं, “पुढच्या शिवेवर न्या.”

गाडा निघाला तेव्हा वेचणाऱ्या बायका कापसानं वटी भरून वावरातून येत होत्या. जयवंता गाड्याजवळ थांबली. तिनं उजव्या कानाकडे पाहिलं, डावा शोधला, मग गोळ्यापुढच्या ताटातल्या दोन पुरणपोळ्या उचलल्या.

“अवो बाई, देवाचा निवद हाय थो!” गाडेवाला ओरडला.

“मालूम हाय,” जयवंता म्हणाली. “माहाच हाय.”

आणि एक शेजारी उभ्या माणिकबाईला देऊन, दुसरी खात ती चालू लागली.